ऐकणारा पेसमेकर आणि शस्त्रक्रियेतला गोंगाट

हृदय हा स्नायूंचा पंप आहे, हे आपण वर्गात शिकवतो. या पंपाला ठेका देण्याचे काम वीज करते, हे सांगायचे मात्र बहुधा राहून जाते. हृदयाच्या उजव्या वरच्या कप्प्यातील पेशींचा एक लहानसा पुंजका विश्रांतीच्या वेळी मिनिटाला ६० ते १०० विद्युतस्पंद निर्माण करतो. ते ठरलेल्या वाटेने खालच्या कप्प्यांपर्यंत पोचतात आणि ठोका पडतो. ही वाट बंद झाली की खालचे कप्पे फार मंद गतीने चालतात, कधी थांबतातही. अशा रुग्णाला पेसमेकर बसवतात.

आता प्रश्न असा, की याच रुग्णावर पुढे पित्ताशयाची किंवा हर्नियाची शस्त्रक्रिया करण्याची वेळ आली तर काय करायचे? याचे उत्तर शोधताना दोन स्वतंत्र शोधांची गाठ पडते.

पहिला शोध शस्त्रक्रियेच्या खोलीतला. विल्यम बोवी या अमेरिकी शास्त्रज्ञाने उच्च वारंवारतेच्या विजेने ऊती कापणारे आणि रक्तस्राव थांबवणारे यंत्र तयार केले. १ ऑक्टोबर १९२६ रोजी बोस्टन येथे मेंदूचे शल्यविशारद हार्वे कुशिंग यांनी ते वापरले. रक्तस्रावामुळे आधी अर्धवट सोडावी लागलेली गाठ त्यांना या यंत्राच्या साहाय्याने काढता आली. घरातील वीज सेकंदाला ५० आवर्तने करते आणि तिचा धक्का बसतो. या यंत्रातील वीज सेकंदाला लाखो आवर्तने करते. दिशा इतक्या झपाट्याने बदलते की स्नायू आणि चेता तिला प्रतिसाद देऊ शकत नाहीत. ऊती फक्त तापतात. डॉक्टर मंडळी या यंत्राला ‘कॉटरी’ म्हणतात. आज बहुतेक मोठ्या शस्त्रक्रियांत ती वापरली जाते.

दुसरा शोध पेसमेकरचा. १९५२ मध्ये बोस्टनच्याच पॉल झोल यांनी छातीवरून विजेचे स्पंद देऊन थांबू पाहणारे हृदय चालते ठेवले. पण हे झटके वेदनादायक होते. ८ ऑक्टोबर १९५८ रोजी स्वीडनमध्ये ऑके सेनिंग या शल्यविशारदाने रूने एल्मक्विस्ट या अभियंत्याने बनवलेला पेसमेकर ४३ वर्षांच्या आर्ने लार्सन यांच्या शरीरात बसवला. शरीराच्या आत पूर्णपणे बसवलेला हा पहिला पेसमेकर काही तासांतच बंद पडला. लार्सन मात्र २००१ पर्यंत, वयाच्या ८६ व्या वर्षापर्यंत जगले. तेवढ्या काळात त्यांना एकूण २६ यंत्रे लागली.

हे सुरुवातीचे पेसमेकर एका अर्थाने बहिरे होते. हृदय स्वतःहून धडधडते आहे की नाही याची दखल न घेता ते ठरावीक गतीने स्पंद देत राहत. हृदयाचा स्वतःचा ठोका चालू असताना नेमक्या नाजूक क्षणी असा स्पंद पडला, तर हृदयाची लय बिघडून ते नुसते थरथरत राहण्याचा धोका असतो. त्यावर उपाय म्हणून १९६४ च्या सुमारास बरू बेर्कोविट्स या अभियंत्याने ‘मागणीनुसार’ चालणारा पेसमेकर पुढे आणला. तो तारेवाटे हृदयाचा संदेश ऐकतो. नैसर्गिक ठोका पडला तर गप्प राहतो, नाही पडला तरच स्पंद देतो. यामुळे बॅटरीचीही बचत झाली.

पण ऐकू येऊ लागले की चुकीचेही ऐकू येते! तारेवाटे येणारा हृदयाचा संदेश असतो काही सहस्रांश व्होल्टचा. कॉटरीचा दाब शेकडो ते हजारो व्होल्टचा. जुन्या पद्धतीच्या रेडिओवर मीडियम वेव्हचे केंद्र लावा आणि शेजारी मिक्सर चालू करा. गाणे बुडून जाते, खरखर उरते. पेसमेकरला ही खरखर म्हणजे हृदयाचे ठोके वाटतात. हृदय छान चालले आहे अशा समजुतीने तो गप्प बसतो. ज्याचे हृदय सर्वस्वी पेसमेकरवर अवलंबून आहे, त्याचे हृदय त्या क्षणी थांबते.

एरवी पेसमेकर अडखळला तर रुग्णाला चक्कर येते, तो सांगू शकतो. भूल दिलेला रुग्ण काहीच सांगू शकत नाही. शिवाय कॉटरी चालू असताना हृदयाचा आलेख दाखवणारा पडदाही त्याच खरखरीने भरून जातो. म्हणजे पेसमेकर आणि त्याच्यावर लक्ष ठेवणारे यंत्र, दोघेही एकाच वेळी फसतात. म्हणून भूलतज्ज्ञ विजेऐवजी रक्ताचा प्रवाह पाहतात. त्यासाठी ते बोट नाडीवर ठेवतात किंवा बोटाला लावलेल्या पल्स ऑक्सिमीटरची लाट पाहतात. या उपकरणाचे तत्त्व जपानमधील ताकुओ आओयागी यांनी १९७० च्या दशकात मांडले. ते प्रकाशाच्या साहाय्याने प्रत्येक ठोक्यासरशी येणारे रक्त टिपते.

दुसरा उपाय चुंबकाचा. बऱ्याच पेसमेकरांत काचेच्या नळीत बसवलेल्या दोन लोखंडी पट्ट्यांची कळ असे. छातीवर चुंबक ठेवला की पट्ट्या चिकटतात आणि पेसमेकर ऐकणे थांबवून ठरावीक गतीने स्पंद देऊ लागतो. ही सोय मुळात बॅटरी आणि पेसमेकरचे काम तपासण्यासाठी होती; शस्त्रक्रियेत ती वेगळ्याच कारणाने उपयोगी पडली. थोडक्यात, अर्धा-एक तास पेसमेकरला पुन्हा १९५८ सारखे बहिरे करायचे. जुना धोका त्या अवधीपुरता परत येतो, पण हृदय थांबण्यापेक्षा तो पत्करलेला बरा.

मात्र सरसकट नियम येथे घातक ठरतो. ४ फेब्रुवारी १९८० रोजी बाल्टिमोर येथे मिशेल मिरोव्स्की यांच्या चमूने एका रुग्णात पहिला डिफिब्रिलेटर बसवला. हृदय थरथरू लागले तर हे यंत्र मोठा झटका देऊन त्याला ताळ्यावर आणते. कॉटरीची खरखर त्याला थरथर वाटली, तर ते विनाकारण झटका देते. याच्यावर चुंबक ठेवला की सहसा झटके थांबतात. पण यंत्रातील पेसमेकरचा भाग ऐकतच राहतो आणि फसू शकतो. अशा वेळी संगणकाने यंत्राची मांडणी बदलावी लागते आणि शस्त्रक्रियेनंतर ती आठवणीने पूर्ववत करावी लागते. तसे न झाल्यास रुग्ण संरक्षणाविना घरी जाईल. २०१६ मध्ये अमेरिकेत मान्यता मिळालेल्या, थेट हृदयाच्या आत बसणाऱ्या मायक्रा या बिनतारी पेसमेकरात तर चुंबक ओळखणारा भागच नाही.

म्हणून २०११ मध्ये अमेरिकेतील हृदयलय-तज्ज्ञ आणि भूलतज्ज्ञ यांच्या संस्थांनी मिळून प्रत्येक रुग्णाचा स्वतंत्र विचार करण्याची शिफारस केली. त्यासाठी यंत्र कोणते, रुग्ण त्यावर किती अवलंबून आणि शस्त्रक्रिया कोठे, हे आधी पाहायचे. शस्त्रक्रिया बेंबीच्या खाली असेल तर पुष्कळदा काहीच बदलावे लागत नाही. कॉटरीची वीज ज्या पट्टीतून परत जाते ती पट्टी अशा जागी लावतात, की विजेची वाट पेसमेकरजवळून जाऊ नये. कॉटरी थोडा थोडा वेळ, मध्ये विश्रांती देत वापरतात. शक्य तेथे चिमट्याच्या दोन टोकांमध्येच वीज फिरवणारी कॉटरी घेतात.

हे सगळे ठरवायला एक साधी गोष्ट लागते, ती म्हणजे पेसमेकर बसवल्यावर मिळणारे ओळखपत्र. त्यावर यंत्राचा प्रकार आणि बसवल्याची तारीख असते. विद्यार्थ्यांपैकी कुणाच्या आजी-आजोबांना पेसमेकर असेल, तर ते कार्ड घरात कोठे ठेवले आहे हे त्यांना विचारून यायला सांगावे. मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेला जातानासुद्धा ते बरोबर न्यावे आणि डॉक्टरांनी विचारण्याची वाट न पाहता पुढे करावे.