लेखनदोष आणि शब्दघटना

जुनी पोथी छापावयास घेतली म्हणजे संपादकापुढें पहिला प्रश्न उभा राहतो तो अशुद्धांचा. मुळांतील अशुद्धें तशींच ठेवावीं, कीं सुधारून घ्यावीं? पुष्कळ संपादक त्यांस 'लेखकप्रमाद' म्हणून मुकाट्यानें सुधारतात. परंतु हे प्रमाद एका जातीचे नसतात, आणि त्यांतील एक जात सुधारून टाकल्यानें मोलाचा पुरावा नष्ट होतो, एवढेंच या टिपणांत दाखवावयाचें आहे.

पहिली जात अक्षराकृतीची. घ आणि ध, म आणि भ, प आणि य यांची अदलाबदल ही डोळ्याची चूक होय. ख हा 'रव' असा वाचला जाऊं नये म्हणून त्याच्या जागीं ष लिहिणें ही तर चूकहि नव्हे; ती लेखकांची रूढि. या दोषांचा शब्दाच्या घटनेशीं कांहीं संबंध नसतो.

दुसरी जात शब्दघटनेची. प्रकृति व प्रत्यय, किंवा उपसर्ग व धातु, जेथें सांधले जातात नेमके तेथेंच हे दोष पडतात. कारण तेथें कानाची साक्ष उपयोगी पडत नाहीं. 'महत्त्व' लिहा कीं 'महत्व' लिहा, उच्चार एकच ऐकूं येतो. दोन त कां, हें ज्याला 'महत्' आणि 'त्व' हे अवयव वेगळे दिसतात त्यालाच कळतें. 'उत्' आणि 'ज्वल' यांचा सांधा ज्याला दिसत नाहीं तो 'उज्वल' लिहितो.

हें मला प्रथम पोथ्यांनीं नव्हे, मुलांनीं शिकविलें. शाळेंत असतांना श्रुतलेखनाच्या वह्या तपासण्यांत माझीं पुष्कळ वर्षें गेलीं. 'महत्व' या एका शब्दापायीं मीं किती मुलांचे गुण कापले असतील याची गणती नाहीं. तो शब्द दहा वेळां लिहून आणावयास सांगत असें. मुलें लिहून आणीत, आणि पुढल्या आठवड्यांत 'कर्तृत्त्व' लिहूं लागत! दोन त त्यांच्या हातांत बसले होते. ते कोठें नसावेत हें त्यांस कोणीं सांगितलें नव्हतें. शेवटीं एके दिवशीं फळ्यावर 'महत् + त्व' आणि 'कर्तृ + त्व' अशी फोड शेजारीं शेजारीं मांडली. तेव्हां 'व्यक्तिमत्त्व' याची फोड एका मुलानें आपण होऊन केली. दहा वेळां लिहून जें साधलें नव्हतें तें एका फोडीनें साधलें.

निवृत्तीनंतर पोथ्या वाचूं लागलों तों हींच रूपें पानोपानीं भेटलीं, आणि तीं वाचण्याची एक रीत सांपडली. ज्या पोथींत 'महत्व' आणि 'कर्तृत्व' दोन्ही एकेरी आहेत तिचा लेखक कानानें लिहिणारा. जिच्यांत दोन्हीकडे दुहेरी त आहे तिच्या लेखकास द्वित्व ठाऊक, पण त्याचें कारण ठाऊक नाहीं. जिच्यांत 'महत्त्व' व 'कर्तृत्व' असा विवेक सर्वत्र पाळलेला आहे तेथें व्याकरणाचा संस्कार दिसतो. मात्र तो संस्कार नकलकाराचा कीं त्याच्या समोरील मूळ प्रतीचा, हें एका पोथीवरून सांगतां येत नाहीं. पाहिलें तसें लिहिलें, दोष मला देऊं नये, अशा अर्थाचा जो श्लोक लेखक पोथीच्या अखेरीस घालतात तो येथें ध्यानांत ठेवावा. एकाच हाताच्या दोन-तीन पोथ्या ताडून पाहिल्या तरच निर्णयास बळकटी येते.

उलट, कांहीं द्वित्वें घटनेचीं नसून नियमाचीं असतात. ताम्रपटांत 'धर्म्म', 'सर्व्व' अशीं रूपें नेहमीं येतात. स्वरापुढील र् नंतर येणाऱ्या व्यंजनाचें द्वित्व पाणिनीनें आठव्या अध्यायाच्या चौथ्या पादांत विकल्पानें सांगितलें आहे. त्यांस अशुद्ध म्हणणें हा संपादकाचाच प्रमाद होईल. 'कर्त्ता' यांतील जादा त असाच नियमानें आलेला. 'कार्त्तिक' यांतील दोन्ही त मात्र 'कृत्तिका' या मूळ शब्दांतूनच आलेले. त्यांतील एकाचा लोपहि त्याच पादांत विकल्पानें सांगितला आहे, म्हणून 'कार्तिक' हेंहि शुद्धच.

मोडी कागदांची गोष्ट निराळी. मोडींत सामान्यतः एकच वेलांटी आणि एकच उकार. 'दिन' व 'दीन', 'सुत' व 'सूत' हे एकसारखेच दिसतात. म्हणजे बाळबोधींत छापलेल्या मोडी पत्रांतील ऱ्हस्वदीर्घ हे मूळ लेखकाचे नसून लिप्यंतर करणाराचे होत. तो बहुधा आपल्या काळचे नियम लावतो. मराठी साहित्य महामंडळाच्या १९६२ सालच्या नियमांप्रमाणें शब्दाचा उपान्त्य दीर्घ ई-ऊ सामान्यरूपांत ऱ्हस्व होतो, परंतु तत्सम शब्दांत तो दीर्घच राहतो. म्हणून बालक या अर्थीं 'मूल' याचें 'मुलाचा', आणि मूळ या अर्थीं तत्सम 'मूल' याचें 'मूलाचा'. शब्दाचें कुळ ओळखल्यावांचून वेलांटी-उकार देतां येत नाहीं. तें ओळखण्यांत चूक झाली तर तिचें खापर दोन-तीनशें वर्षांपूर्वींच्या कारकुनाच्या माथीं फुटतें.

तेव्हां सूचना इतकीच. बाळबोध पोथी छापतांना मूळ पाठ जसाच्या तसा ठेवावा व शुद्ध रूप तळटीपेंत द्यावें. मोडी कागद छापतांना ऱ्हस्वदीर्घ कोणत्या धोरणानें दिले हें प्रस्तावनेंत सांगावें. ज्यांच्या संग्रहीं पोथ्या आहेत त्यांनीं समासांत किंवा ओळींत आपल्या हातानें दुरुस्ती करूं नये. मीं मुलांचे कापलेले गुण आतां परत देतां येत नाहींत. पोथीलेखकांच्या चुका तरी पुसल्या जाण्यापूर्वीं वाचल्या जाव्यात.