उमेदवारीची शाळा

चित्रपटाच्या आरंभी जी नामावली झळकते, तीत ‘साहाय्यक दिग्दर्शक’ हे शब्द क्षणभर दिसतात आणि विरून जातात. प्रेक्षक ते बहुधा वाचीतही नाही. परंतु चित्रविद्या शिकविणारी शाळा या देशात नव्हती, तेव्हा साहाय्यकाची उमेदवारी हीच शाळा होती. शांताराम वणकुद्रे यांचे पूर्वचरित्र याची उत्तम साक्ष देते.

कोल्हापूरचे बाबूराव पेंटर हे मूळचे चित्रकार. नाटकांचे पडदे रंगविण्यात त्यांचा हातखंडा. चुलतबंधू आनंदराव यांच्यासह त्यांनी चित्रपटाचा ध्यास घेतला. १९१६ साली आनंदराव निवर्तले. तथापि बाबूरावांनी कॅमेरा स्वतः घडविला, तानीबाई कागलकर यांच्या द्रव्यसाहाय्याने महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली, आणि १९२० साली ‘सैरंध्री’ पुण्यास प्रदर्शित झाला.

त्याच सुमारास शांताराम कंपनीत आले. वय अवघे एकोणीस. गंधर्व नाटक मंडळीचा काही काळचा सहवास आणि रेल्वेच्या कारखान्यातील नोकरी, एवढीच शिदोरी. येथे पडेल ते काम करावे आणि पाहत पाहत शिकावे, हाच अभ्यासक्रम होता. ‘सुरेखाहरणा’त (१९२१) ते श्रीकृष्ण झाले, ‘सिंहगडा’त (१९२३) शेलारमामा, तर ‘सावकारी पाशा’त (१९२५) कर्जाने नाडलेला तरुण शेतकरी. ‘सिंहगडा’तील रात्रीचे प्रसंग कृत्रिम प्रकाशात टिपले गेले, असले प्रयोग ग्रंथात वाचून नव्हे, गुरूच्या शेजारी उभे राहूनच समजतात. अखेर १९२७ साली ‘नेताजी पालकर’चे दिग्दर्शन केशवराव धायबर व शांताराम या जोडीने केले.

दोन वर्षांनी ताटातूट झाली. दामले, फत्तेलाल, धायबर व शांताराम हे कंपनीतून बाहेर पडले आणि सीताराम कुलकर्णी यांच्यासह १ जून १९२९ रोजी त्यांनी ‘प्रभात’ स्थापिली. हाताखाली तयार केलेली माणसे एकदम गेली म्हणजे गुरूचे घर ओके होते, हे खरे. पण शिष्याने जन्मभर साहाय्यकच राहावे काय? या प्रश्नास सोपे उत्तर नाही. १९४२ साली शांताराम स्वतः ‘प्रभात’ सोडून गेले, तेव्हा तेच दुःख त्यांच्या जुन्या सोबत्यांच्या वाट्यास आले.

तरीही परंपरा खुंटली नाही. शांतारामांचे साहाय्यक राजा नेने दिग्दर्शक झाले. १९४४ साली ‘प्रभात’मध्ये आलेल्या गुरुदत्तांनीही साहाय्यक म्हणूनच धडे गिरविले.

पुढे ‘प्रभात’ची दारे मिटली. मात्र १९६० साली पुण्यातील त्याच आवारात सरकारने चित्रपटशिक्षणाची संस्था स्थापन केली. जेथे पूर्वी हाताखाली राबून विद्या मिळत असे, तेथे आता वर्ग भरतात. शाळेला पाटी उशिरा लागली; शाळा मात्र तेथे आधीपासूनच होती.