अदृश्य लेखक : जी. ए. कुलकर्णी आणि टॉमस पिंचन

एप्रिल १९७४ मध्ये न्यूयॉर्क येथे अमेरिकेतील 'नॅशनल बुक अवॉर्ड' या पुरस्काराचा समारंभ झाला, तेव्हा 'ग्रॅव्हिटीज रेनबो' या कादंबरीचा कर्ता टॉमस पिंचन व्यासपीठावर आला नाही. त्याच्या वतीने आला तो अर्विन कोरी नावाचा विनोदी नट. पंडिताचा आव आणून निरर्थक बोलणे हाच त्याचा व्यवसाय. त्याने केलेले भाषण ऐकून सभागृहातील काहींना हाच तो लेखक असे वाटले. त्याच वर्षी पुलित्झर पारितोषिकासाठी परीक्षकांनी या कादंबरीची शिफारस केली. परंतु वरिष्ठ मंडळाने ती अमान्य केली आणि कादंबरीचे पारितोषिक त्या वर्षी कोणालाच मिळाले नाही. पुढच्या वर्षी देऊ केलेले हॉवेल्स पदक मात्र पिंचनने स्वतःच नाकारले.

याच सुमारास धारवाड येथेही एक सन्मान परत गेला. 'काजळमाया' (१९७२) या कथासंग्रहासाठी जी. ए. कुलकर्णी यांना साहित्य अकादमीचे १९७३ चे पारितोषिक मिळाले होते. संग्रहाच्या प्रकाशनकालाविषयी तांत्रिक वाद उपस्थित झाला आणि जी. एं.नी पारितोषिक परत केले. संग्रहाच्या गुणवत्तेविषयी वाद नव्हता; प्रश्न तारखेचा होता. परंतु हिशेबात एक आकडा जरी संशयास्पद ठरला, तरी ती रक्कम आपली नव्हे, असे मानणाऱ्या माणसाचे ते वर्तन होते. पिंचनने समारंभाचा फार्स केला, जी. एं.नी व्यवहार चोख केला. दोघांनाही लोकांसमोर उभे राहावयाचे नव्हते, एवढ्यावरून त्यांना एका पंक्तीत बसविणे सोपे आहे. पण त्यांच्या एकांताची जात एक नव्हती.

गुरुनाथ आबाजी कुलकर्णी यांचा जन्म १९२३ साली बेळगाव जिल्ह्यातील एकसंबे येथे झाला. शिक्षण बेळगावात झाले, आणि पुढे सुमारे तीन दशके धारवाडच्या महाविद्यालयात त्यांनी इंग्रजीचे अध्यापन केले. मराठीचा हा थोर कथाकार कन्नड मुलखात राहिला. पुण्यामुंबईच्या साहित्यव्यवहारात तो दिसत नसे, याचे एक कारण स्वभावात असले तरी दुसरे भूगोलात आहे. सभासंमेलने त्यांनी टाळली. डोळ्यांवरच्या काळ्या चष्म्याची तर आख्यायिकाच झाली. पण जो माणूस रोज वर्गावर जाऊन शिकवतो, घरात मावसबहिणींचा सांभाळ करतो, त्याला संन्यस्त म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. जी. ए. माणसांपासून दूर नव्हते. लेखक म्हणून मिरविण्यापासून दूर होते.

पिंचनचे तसे नाही. १९३७ साली लाँग आयलंडवर जन्मलेला, नौदलात आणि पुढे बोइंग कंपनीत तांत्रिक लेखक म्हणून नोकरी केलेला हा गृहस्थ 'व्ही.' (१९६३) ही पहिली कादंबरी निघाल्यानंतर छायाचित्रांतून व मुलाखतींतून जवळजवळ नाहीसाच झाला. त्याच्या कादंबऱ्यांतही माणूस नाहीसा होतो. 'ग्रॅव्हिटीज रेनबो' चा नायक स्लोथ्रॉप महायुद्धाच्या अखेरीस युरोपभर भटकता भटकता विखरत जातो, आणि ग्रंथ संपण्यापूर्वीच कथानकाच्या हातातून निसटतो. कोणी एक अदृश्य यंत्रणा आपल्याला चालवीत आहे की तो केवळ आपल्या मनाचा खेळ आहे, हा संशय पिंचनच्या पात्रांना सोडीत नाही. अशा जगात नाव व चेहरा जाहीर करणे म्हणजे यंत्रणेच्या कागदांत आपली नोंद करून देणे. लेखकाचे लपणे येथे त्याच्या कादंबऱ्यांशी सुसंगत आहे.

जी. एं.च्या कथेत यंत्रणेची जागा नियतीकडे आहे. 'निळासावळा' (१९५९) पासून 'रक्तचंदन' (१९६६) पर्यंतच्या संग्रहांत बेळगाव-धारवाडकडील घरे, वाडे, नातेसंबंध यांचा दाट पट आहे. 'काजळमाये'पासून तो पट विरळ होत गेला. 'रमलखुणा' मधील 'प्रवासी' आणि 'इस्किलार' या दोन दीर्घकथांत प्रदेशाला ओळखीचे नाव उरत नाही, काळालाही नाही. 'पिंगळावेळ' (१९७७) मधील 'यात्रिक' डॉन किहोटेची कथा नव्याने उलगडते, 'ऑर्फियस' ग्रीक पुराणातील गायकाची. जुन्या ग्रंथांतील पात्रांना पुन्हा उभे करून मूळ कथेलाच प्रश्न विचारण्याची ही रीत आज उत्तर-आधुनिक म्हणून ओळखली जाते, जी. एं.ना त्या लेबलाची गरज नव्हती, आणि ते त्यांना पुरेसे बसतही नाही. पिंचनला कथा सांगण्यावरच अविश्वास आहे. जी. एं.चा मात्र कथेवर जुन्या कीर्तनकारासारखा विश्वास आहे. 'स्वामी' या कथेतील माणूस मठाच्या तळघरात स्वामी म्हणून कोंडला जातो. पूज्यता हीच त्याची कैद. लेखकाच्या प्रसिद्धीविषयी जी. एं.ना काय वाटत होते, हे जाणण्यास ही एक कथा पुष्कळ आहे.

असा लेखक टिकतो कसा? त्याच्या वतीने कोणीतरी गजबजलेल्या शहरात बसलेले असावे लागते. तमिळमध्ये मौनी हे याचे चांगले उदाहरण. टोपणनावातच मौन धारण केलेल्या या लेखकाने (१९०७-१९८५) कुंभकोणम व चिदंबरम या गावी राहून आयुष्यात जेमतेम दोन डझन कथा लिहिल्या. त्यांना वाचक मिळाला तो मद्रासच्या, म्हणजे आजच्या चेन्नईच्या, 'मणिक्कोडी' या नियतकालिकामुळे. पुदुमैपित्तन यांनी त्यांना तमिळ कथेचा तिरुमूलर म्हटले. हा प्राचीन सिद्ध वर्षाला एकच पद्य रचीत असे, अशी आख्यायिका आहे. मुंबईच्या 'सत्यकथे'ने आणि श्री. पु. भागवत, राम पटवर्धन या संपादकांनी जी. एं.साठी तेच केले. एकांतवासी लेखकाचा इतिहास लिहावयाचा तर तो अर्धा संपादकांचा व टपालखात्याचा लिहावा लागेल.

टपालाचा हा उल्लेख सहज केलेला नाही. पिंचनची 'द क्राइंग ऑफ लॉट ४९' (१९६६) ही लहानशी कादंबरी एका गुप्त टपालव्यवस्थेविषयीच आहे. ईडिपा मास या नायिकेला कॅलिफोर्नियात जागोजागी बोळा घातलेल्या टपालशिंगाचे चिन्ह दिसू लागते. सरकारी टपाल नाकारणारी माणसे त्या मार्गाने एकमेकांना पत्रे धाडीत असावीत. असावीत, एवढेच, खात्री तिलाही होत नाही आणि वाचकालाही नाही. जी. एं.चे टपाल मात्र सरकारी, उघड आणि अफाट होते. ११ डिसेंबर १९८७ रोजी पुणे येथे त्यांचे निधन झाले, आणि त्यानंतर त्यांची निवडक पत्रे चार खंडांत प्रसिद्ध झाली. पहिला खंड सुनीता देशपांडे यांना लिहिलेल्या पत्रांचा. ज्याने चेहरा लपविला त्याचे मन अशा रीतीने सर्वांसमोर आले.

येथे अभ्यासकाची खरी अडचण आहे. पत्रांतील जी. ए. इतके रसाळ, इतके विद्वान आणि तिरकस आहेत की कथेतील प्रत्येक छायेचा उलगडा पत्रांत शोधण्याची सवय लागते. त्यांच्या कथांवरील लेखनात पत्रांतील उतारे कथेच्या पुराव्यासारखे वापरले जातात. हा पुरावा ग्राह्य नाही. पत्र एका व्यक्तीला लिहिलेले असते, त्या व्यक्तीच्या रुचीप्रमाणे ते वळते. कथा कोणालाच लिहिलेली नसते. पिंचनने 'स्लो लर्नर' (१९८४) या आपल्या आरंभीच्या कथांच्या संग्रहाला प्रस्तावना जोडली, तीत त्या कथांचे दोष निर्दयपणे मोजले, आणि तेवढ्यावर तो थांबला. त्याच्या वाचकाला ग्रंथांकडेच परतावे लागते. २०२५ साली निघालेल्या 'शॅडो टिकेट' पर्यंत हे खरे आहे.

जी. ए. सर्वांत चांगले लपले ते मात्र भलत्याच ठिकाणी. त्यांनी कॉनराड रिश्टर या अमेरिकन कादंबरीकाराच्या ओहायोच्या वसाहतीवरील त्रयीचा अनुवाद केला. 'द ट्रीज' (१९४०), 'द फील्ड्स' (१९४६) आणि १९५१ चे पुलित्झर पारितोषिक मिळविणारी 'द टाउन' (१९५०) या त्या तीन कादंबऱ्या. मराठीत त्या 'रान', 'शिवार' आणि 'गाव' झाल्या. या अनुवादांना पोटापाण्याचे काम म्हणून बाजूस सारण्याची रीत आहे, आणि ती अन्यायाची आहे. केवळ शीर्षके पाहावीत. मूळ त्रयीत अखेरीस उभे राहते ते शहर. अनुवादकाने त्याला 'गाव' म्हटले, आणि सेवर्ड लकेटचा संसार कृष्णाकाठच्या वाचकाला परका राहिला नाही. जंगलात वाढलेली ही बाई झाडांना शत्रू मानते, त्यांच्याशी झगडून जमीन मोकळी करते. म्हातारपणी, गाव भरभराटले असता, तिला झाडे नाहीत याचेच दुःख होते आणि ती घराजवळ पुन्हा झाडे लावून घेते. 'काजळमाया' चा लेखक या पानांतून कोठेही डोकावत नाही. मुखपृष्ठावर रिश्टरचे नाव असते, आणि आत वाक्यामागून वाक्य धारवाडच्या त्या इंग्रजीच्या प्राध्यापकाचे असते.