किल्ल्यातल्या भाताचे मुटके

गेल्या महिन्यात आमच्या गटाची बैठक चालू होती. हप्ते गोळा करून झाले होते, रजिस्टरवर सह्या चालल्या होत्या आणि कोपऱ्यात एका ताईंचा नातू मोबाइलवर तलवारबाजीचं कार्टून बघत बसला होता. विचारलं तर म्हणाला, "हे सामुराई आहेत, जपानचे लढवय्ये." त्यावर आमच्यातल्या सगळ्यांत वडील आजींनी चष्म्यावरून बघत विचारलं, "लढतात ते दिसतंय बाळा. पण जेवतात काय? आणि रांधतं कोण?"

सगळ्या हसल्या. आम्ही मात्र तो प्रश्न घरी घेऊन गेलो. बी.ए.ला इतिहास असूनही जपानचं एक पान आम्ही धड वाचलेलं नव्हतं. मग पुस्तकं मिळवली, चित्रफिती पाहिल्या, आणि ठरवलं की आज तुम्हाला एका गावाची दिवसभराची सहल घडवायची. आम्ही स्वतः तिथे गेलेलो नाही, हे आधीच सांगतो. पण तिथले वाटाडे पाहुण्यांना ज्या ठिकाणी नेतात, त्याच ठिकाणी आपणही जाऊ. चपला घाला.

गावाचं नाव आइझू-वाकामात्सू. टोकियोहून बुलेट ट्रेनने कोरियामा गाठायचं, तिथून डोंगरातली साधी गाडी पकडायची. चारी बाजूंना डोंगर, मध्ये वाटीच्या तळासारखी सपाट भातशेती, आणि हिवाळ्यात गुडघाभर बर्फ. प्रांत फुकुशिमा. हो, २०११ साली भूकंप आणि अणुभट्टीचा अपघात झाला तोच. हे गाव मात्र समुद्रापासून आत, डोंगराआड आहे. त्या अपघातात ज्या ओकुमा गावाला घरंदारं सोडावी लागली, त्यांची कचेरी काही वर्षं इथेच थाटली होती.

इथे आइझू नावाचं संस्थान होतं. १६४३ साली होशिना मासायुकी नावाचा सरदार त्याचा धनी झाला. तेव्हा आपले शिवाजी महाराज तेरा वर्षांचे होते, म्हणजे काळ लक्षात येईल. जपानात सम्राट होता, पण सत्ता शोगुन नावाच्या सेनापतीच्या हातात होती आणि हा मासायुकी त्या वेळच्या शोगुनचा सावत्र भाऊ. संस्थान केवढं, ते एकरांवर नाही तर तांदळावर मोजत. आइझूचं माप २ लाख ३० हजार कोकू. एक कोकू म्हणजे साधारण दीडशे किलो तांदूळ, एका माणसाला वर्षभर पुरेल एवढा. सामुराई म्हणजे या धन्याचा चाकर. त्याचा पगारही तांदळातच ठरायचा. आपल्याकडे बलुतेदाराला खळ्यावरून धान्य मिळायचं, पण तो निदान काहीतरी घडवायचा तरी. सामुराईने शेती करायची नाही, दुकान घालायचं नाही. शांततेच्या अडीचशे वर्षांत यातले बहुतेकजण कचेरीतले कारकूनच होऊन गेले होते, फक्त कमरेला दोन तलवारी.

मासायुकीचं एक काम मात्र गटवाल्या बायकांनी ऐकण्यासारखं आहे. १६५५ मध्ये त्याने गावोगावी धान्याची कोठारं काढली. अडीनडीला शेतकऱ्याने तिथून तांदूळ उसना न्यायचा आणि सुगीला थोडं वाढवून परत करायचा. व्याज वीस टक्के होतं. आपल्याला ते जास्त वाटेल, पण तेव्हाच्या सावकारीपुढे ते कमीच. दुष्काळात याच कोठारांचा आधार होता. नव्वदी ओलांडलेल्या म्हाताऱ्यांना, मग ते कुठल्याही थरातले असोत, त्याने तांदळाचं पेन्शनही लावलं होतं. आमच्या आजी म्हणाल्या, चांगला होता की मग!

थांबा आजी. याच माणसाने १६६८ साली घराण्यासाठी पंधरा कलमांचा नियम घालून दिला. पहिलं कलम शोगुनशी निष्ठेचं. आणि पुढे एक कलम असं, की बायकांचं म्हणणं अजिबात कानावर घ्यायचं नाही.

आपली सहल सकाळी पहिल्यांदा जाते निस्शिनकान या शाळेत. सामुराईंच्या मुलांसाठी ती १८०३ मध्ये बांधली. दहाव्या वर्षी मुलगा इथे यायचा. ग्रंथ, अक्षर, भाला, तलवार, घोडा, सगळं शिकायचा. आवारात पोहण्याचं तळं होतं आणि चिलखत घालून पोहायला शिकवत. आज दिसते ती नव्याने बांधलेली शाळा आहे, जुनी लढाईत जळाली. या शाळेत येण्याआधी, सहा ते नऊ वर्षांची पोरं गल्लीत टोळी करून रोज जमायची आणि मोठ्याने नियम म्हणायची. मोठ्यांचं ऐकायचं, खोटं बोलायचं नाही, दुबळ्याला छळायचं नाही. इथवर आपणही पोरांना हेच सांगतो. पण शेवटचे दोन नियम असे, की घराबाहेर काही खायचं नाही आणि घराबाहेर बाईशी बोलायचं नाही. नियम मोडला तर पोरंच त्याला शिक्षा करायची.

अन्न आणि बाई, दोन्ही उंबऱ्याच्या आत. हे दोन नियम लक्षात ठेवा.

तिथून एक वाडा बघायचा. संस्थानचे एक मोठे कारभारी साइगो तानोमो, त्यांच्या अडतीस खोल्यांच्या घराची ही हुबेहूब नक्कल. पाहुण्यांची खोली वेगळी, धन्याची वेगळी, चाकरांची वेगळी. जमिनीवर गवताच्या जाड चटया. बसायची पद्धत आपल्यासारखीच, खाली.

आता जेवू. आइझू समुद्रापासून लांब. ताजा मासा इथे पोचायचाच नाही. जे यायचं ते उत्तरेकडून जहाजाने आणि मग डोंगर चढून, वाळवलेलं. त्यातूनच इथल्या बायकांनी दोन पदार्थ केले.

पहिला कोझुयू. शिंपल्यातला वाळवलेला मांसल गर रात्रभर भिजवायचा. त्याच्या पाण्यात अळकुड्या, गाजर, दोन तऱ्हेची अळंबी, सुरणाच्याच जातीच्या कंदाच्या शेवया आणि गव्हाच्या चिकाचे वाटाण्याएवढे गोळे. चव हलकी, पाणी नितळ. लाल लाखेच्या उथळ, छोट्या वाटीत वाढतात. लग्नात, नव्या वर्षाला, श्राद्धालाही. सामुराईंच्या घरची ही मेजवानी, पुढे सगळ्यांची झाली. आणि गंमत बघा, इतर जेवणात वारंवार मागणं वाईट दिसतं, पण कोझुयू कितीही वेळा मागून घ्या, कुणी नावं ठेवत नाही.

दुसरा पदार्थ ऐकून कोकणातल्या मैत्रिणी कान टवकारतील. वाळवलेला हेरिंग मासा आणि सान्शोची कोवळी पानं यांचे थर चौकोनी मातीच्या भांड्यात रचायचे. वर सोयाबीनचा खारट सॉस, व्हिनेगर, तांदळाची दारू ओतायची आणि दगडाने दाबून मुरत ठेवायचं. हे सान्शो म्हणजे आपल्या तिरफळाच्याच कुळातलं झाड. आपण बांगड्याच्या आमटीत तिरफळं टाकतो, त्या हिरव्या वासाने माशाचा उग्रपणा मरतो. हजारो मैलांवरच्या बाईने त्याच कुळातलं झाड त्याच कामाला लावलं.

याशिवाय कुट्टूच्या पिठाच्या शेवया, मुळ्याच्या तिखट रसाबरोबर. त्या मासायुकीबरोबर त्याच्या जुन्या मुलखातून आल्या. आणि काडीला टोचून निखाऱ्यावर भाजलेले टोफू, अळकुडी, तांदळाचे लगद्याचे तुकडे, त्यांना मिसो चोपडून. मिसो म्हणजे सोयाबीन उकडून, मीठ आणि बुरशी आणलेला तांदूळ घालून महिनोन्‌महिने मुरवलेला लगदा. गावात १८३४ पासूनचं मिसोचं दुकान आहे, तिथे समोर बसवून भाजून देतात. आपण सोयाबीन पोत्यात भरतो, बाजार समितीत ओततो आणि मोकळे होतो. असो.

दुपारी इइमोरी टेकडी चढायची. इथे १९ मुलांच्या समाध्या आहेत. त्यासाठी थोडा इतिहास. १८६८ मध्ये जपानात सत्तापालट झाला. दक्षिणेकडच्या सरदारांनी सम्राटाच्या नावाने शोगुनची सत्ता उलथली. आइझू पहिल्या कलमाला धरून शोगुनकडे राहिलं, म्हणून नव्या सरकारची फौज ८ ऑक्टोबरला गावात शिरली. सोळा-सतरा वर्षांच्या मुलांची एक तुकडी माघारी फिरून या टेकडीवर आली. खाली धूर दिसला. किल्ला पडला असं समजून त्यांनी स्वतःला संपवलं. किल्ला पडला नव्हता, गाव जळत होतं. एक मुलगा जगला, एका बाईने त्याला उचललं म्हणून. सकाळी पाहिलेल्या वाड्याच्या घरातही त्याच दिवशी नात्यातल्या, लहान मुलींसकट, २१ जणांनी जीव दिला. शत्रूच्या हाती पडू नये आणि किल्ल्यातल्या अन्नाला भार होऊ नये म्हणून. वाटाडे हे शौर्य म्हणून सांगतात. आम्हाला ते तसं सांगता येत नाही. दोन वर्षांच्या मुलीला कोणती निष्ठा कळते?

आता किल्ला. नाव त्सुरुगा. लाल कौलं आहेत, कारण साधं कौल थंडीत तडकतं. मूळचा १८७४ मध्ये पाडला, आजचा मनोरा १९६५ चा, सिमेंटचा. दगडी जोतं मात्र जुनं. या तटाच्या आत जवळपास महिनाभर वेढा सोसला गेला, आणि आजींच्या प्रश्नाचं उत्तर इथे आहे.

आत शेकडो बायका होत्या. संस्थानिकाची बहीण तेरुहिमे हिने त्यांची कामं वाटली. काहीजणी जखमींकडे, काहीजणी बंदुकीच्या गोळ्या ओतायला, बाकीच्या चुलीवर. हातसडीच्या तांदळाचे मुटके. भात उतरला की थांबायला वेळ नाही, वाफाळता भातच मुठीत दाबायचा. हाताची कातडी सोलून निघायची, म्हणून शेजारच्या पाण्यात हात बुडवत राहायचं. त्या पाण्यात जी शितं पडायची, त्यांची पेज जखमींना. चांगले मुटके लढणाऱ्यांना. आणि जे करपले, जमिनीवर पडले, ते करणाऱ्या बायकांना. हे वाचलं तेव्हा आम्ही पुस्तक मिटून थोडा वेळ बसलो. कोणत्या घरातली बाई शेवटची, करपलेली भाकरी स्वतःच्या ताटात घेत नाही?

तोफेचे गोळे आत पडत. फुटायच्या आत त्यावर ओली गोधडी टाकून वात विझवायची, हे कामही बायकांचंच. कारभारी यामाकावा यांची बायको तोसे त्यात गेली. पोरं पतंग उडवत होती, बाहेरच्या फौजेला कळावं की आतली माणसं अजून खचलेली नाहीत. यामामोतो याए नावाची बंदूक शिकवणाऱ्याची मुलगी केस कापून, लढाईत मेलेल्या भावाचे कपडे घालून, सात बारी बंदूक घेऊन तटावर उभी राहिली. किल्ल्याबाहेर नाकानो ताकेको, वीस-एकवीस वर्षांची, हिने आई, बहीण आणि इतर मिळून वीसेक बायका गोळा केल्या. लांब दांड्याला वाकडं पातं बसवलेलं त्यांचं हत्यार. सरदारांनी आधी नकोच म्हटलं; बायका लढल्या तर लोक म्हणतील, पुरुष संपले. त्या हट्टाने गेल्या. ताकेको गोळी लागून पडली. आपली झाशीची राणी पडून तेव्हा दहा वर्षं झाली होती.

६ नोव्हेंबरला शरणागती. पांढरं निशाण पाहिजे होतं, पण पांढरं कापड सगळं जखमींच्या पट्ट्यांत संपलेलं. बायकांनी चिंध्या जोडून ते शिवलं, असं सांगतात. बायकांचं ऐकू नका, हे कलम लिहिल्याला तेव्हा बरोबर दोनशे वर्षं झाली होती.

मागे एका कार्यक्रमाला आमच्या गटाने साडेतीनशे माणसांचा स्वयंपाक केला होता. आभार मानताना मंडपवाल्याचं, माइकवाल्याचं नाव घेतलं. आमचं राहून गेलं. त्सुरुगाच्या बायकांची नावं निदान काही तरी आपल्यापर्यंत आली आहेत, आणि ती आली कारण त्यांतल्या काहीजणी पुढे जगल्या, बोलल्या. लढाईनंतर आइझूच्या घराण्यांना पार उत्तरेला तोनामीच्या ओसाड थंडीत पाठवलं, तिथे उपासमार झाली. याए पुढे क्योतोला गेली, दोशिशा ही शाळा काढणाऱ्या निइजिमा जो याच्याशी लग्न केलं, नंतरच्या दोन युद्धांत परिचारिका म्हणून काम केलं. १९३२ मध्ये वारली.

आणि ओल्या गोधड्या घेऊन धावणाऱ्यांत तोसेची आठ वर्षांची नणंद होती. १८७१ मध्ये सरकारने काही मुली अमेरिकेला शिकायला पाठवल्या, त्यांत ती गेली, वय अकरा. आईने तिचं नाव बदलून सुतेमात्सू ठेवलं. त्या नावात टाकून देणं आणि वाट बघणं असे दोन्ही अर्थ आहेत. १८८२ मध्ये तिने तिकडे पदवी घेतली. कॉलेजची पदवी घेणारी ती पहिली जपानी बाई. परत येऊन तिने लग्न केलं ते ओयामा इवाओशी, जो वेढ्यात बाहेरच्या तोफांवर होता. घरच्यांना ते सहज पचलं नाही. १८८४ मध्ये तिने मोठ्या घरच्या बायकांना गोळा करून, त्यांनी हाताने केलेल्या वस्तूंची तीन दिवस विक्री लावली आणि तो पैसा परिचारिकांच्या शाळेला दिला. जपानात तोवर असं कुणी केलं नव्हतं. मोठ्या घरच्या बायका दुकान मांडून बसल्या म्हणून टीकाही झाली.

आजींना हे सगळं सांगितलं. त्यांनी विचारलं, "तिने स्टॉलवर काय ठेवलं होतं?" ते आम्हाला सापडलं नाही. पण येत्या बैठकीला अळकुड्या आणि गाजरं आणायचं ठरलंय, शिंपल्या नाहीत तर सुकटीवर भागवू. आणि भात उतरल्याउतरल्या मुटका वळून बघणार आहोत, हात किती वेळ टिकतो ते.