शर्विलकाची घरफोडी : चोरी की साहस?

शूद्रकाच्या ‘मृच्छकटिका’चा तिसरा अंक शिकवताना वर्गात हशा ठरलेलाच असतो. भिंतीला भोक कोणत्या आकाराचे पाडावे, याचा शर्विलक शास्त्रोक्त विचार करतो. कमळ, सूर्य, चंद्रकोर असे पर्याय चाळून पूर्णकुंभ निवडतो. मापाची दोरी विसरला म्हणून जानवे वापरतो. झोपेत बरळणारा मैत्रेय दागिने आपण होऊन त्याच्या हाती देतो. देवलांच्या ‘संगीत मृच्छकटिका’मुळे हे कथानक मराठी रसिकांना परिचितच आहे. मात्र या हशात एक क्षण निसटून जातो. रदनिका ही दासी अवचित समोर येते. शर्विलक तिला ठार मारू पाहतो. मग ती स्त्री आहे असे दिसताच निघून जातो. मूळ नाटकात हे सारे एक रंगसूचना आणि दोन-तीन शब्दांत उरकले आहे. घरफोडीला मालमत्तेचा गुन्हा म्हणावे की हिंसेचा, हा प्रश्न आम्हांला त्या रंगसूचनेपाशी भेटतो.

धर्मशास्त्राने हा भेद फार पूर्वी केला होता. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात स्तेय आणि साहस ही दोन वेगळी विवादपदे आहेत. (साहस म्हणजे बळजबरीचे दुष्कृत्य; आजचा गौरवाचा अर्थ येथे नाही.) धन्यासमक्ष, बळाने केलेले ते साहस, त्याच्या अपरोक्ष केलेले ते स्तेय, असा त्या व्याख्येचा अर्थ सामान्यतः घेतला जातो. मग झोपलेला चारुदत्त समक्ष मानायचा की अपरोक्ष? तो घरात आहे आणि नाहीही. नवव्या अध्यायात, रात्री भिंत फोडून चोरी करणाऱ्याचे हात तोडून त्याला सुळावर द्यावे, असे सांगितले आहे. नाव चोरीचेच, शिक्षा मात्र साहसालाही भारी पडावी अशी.

हेच द्वैत 1860च्या भारतीय दंडसंहितेत दिसते, हे आम्हांला विलक्षण वाटते. मेकॉलेच्या 1837च्या मसुद्यातून घडलेल्या आणि 1862पासून लागू झालेल्या या संहितेने घरफोडी मालमत्तेविरुद्धच्या गुन्ह्यांच्या सतराव्या प्रकरणात ठेवली. जबरी चोरीसाठी इजा, अटकाव किंवा तत्काळ इजेची भीती आवश्यक. घरफोडीला यांपैकी काहीच लागत नाही. तरीही कलम 457 अन्वये चोरीच्या उद्देशाने केलेल्या रात्रीच्या घरफोडीला 14 वर्षांपर्यंत कैद होती, तर कलम 392 अन्वये साध्या जबरी चोरीला 10 वर्षांपर्यंत. शिवाय कलम 103ने खासगी बचावात रात्रीच्या घरफोड्याचा प्राण घेण्याची मुभा दिली. बचावाच्या इतर मर्यादा होत्याच. पण केवळ मालमत्तेसाठी कोणी अशी मुभा देत नाही. 1 जुलै 2024 रोजी आलेल्या भारतीय न्याय संहितेनेही हीच रचना राखली. ‘रात्री’ऐवजी सूर्यास्तानंतर व सूर्योदयापूर्वी असे शब्द घातले, इतकेच.

म्हणून सरसकट प्रत्येक घरफोडीला हिंसक गुन्हा ठरवावे, असे मात्र आम्ही म्हणणार नाही. भर दुपारी बंद घराचे कुलूप तोडणारा आणि माणसे निजलेल्या घराची भिंत फोडणारा, यांना एका तागडीत तोलणे अन्यायाचे होईल. परंतु कायद्याने फरकाची खूण म्हणून रात्र निवडली, ती आम्हांला अपुरी वाटते. खरी खूण घरात माणूस असण्याची आहे. रात्र हा त्याचा केवळ जुना, दिव्यांपूर्वीचा संकेत. आपली भाषा तरी काय सांगते? ‘घरफोडी’ या शब्दात चोरी कुठेच नाही. आहे ते घर आणि फोडणे.

नाटकाच्या चौथ्या अंकात शर्विलक दागिने घेऊन मदनिकेकडे येतो. तिला दास्यातून सोडवण्यासाठीच त्याने हा उद्योग केला आहे. दागिने चारुदत्ताच्या घरचे, हे कळताच ती हादरते. त्या घरात कोणाला मारले नाहीस ना, जखमी केले नाहीस ना, ही तिची पृच्छा. भ्यालेल्यावर किंवा निजलेल्यावर आपण प्रहार करत नाही, कोणी मेले नाही, कोणी जखमी झाले नाही, असे तो अभिमानाने सांगतो. ते खरेही आहे. रदनिकेचे नाव तो काढत नाही. आणि आपण कशातून वाचलो, हे रदनिकेलाही ठाऊक नाही.