तिला जपायचं की तिच्यापासून जपायचं?



मागच्या खेपेला आपण क्षयरोगावर बोललो. कार्यक्रम संपल्यावर एका ताईंनी आम्हाला बाजूला घेऊन एक प्रश्न विचारला. त्यांच्या शेजारणीची किडनी बदलली आहे. बरेच दिवस इस्पितळात काढून ती घरी आली आहे. तोंडाला मास्क, वेगळी खोली, वेगळं ताट-तांब्या. ताईंना तिला भेटायला जायचंय, पण पाऊल उचलत नाही. अगदी हळू आवाजात त्या म्हणाल्या, "तिच्याकडे गेलं तर आपल्याला काही लागायचं नाही ना?"

प्रश्न आपल्यापैकी कुणाच्याही मनात येईल असाच आहे. उत्तर शोधायला बसलो तेव्हा मात्र आमच्या लक्षात आलं, की हा प्रश्न याआधीही फार ठिकाणी विचारला गेला, बहुतेक वेळा उलट्या बाजूने विचारला गेला, आणि त्याची किंमत आजारी माणसांनी मोजली. आज तोच इतिहास सांगणार आहोत. ताईंचं उत्तर त्यातच आहे.

आधी एक शब्द समजून घेऊ. आपल्या शरीराची एक राखण असते, तिला रोगप्रतिकारशक्ती म्हणतात. हवेत, मातीत, पाण्यात, अगदी आपल्या तोंडात आणि आतड्यातही असंख्य जंतू असतात. राखण जागी असेल तोवर त्यांचं फारसं काही चालत नाही. ती कमजोर झाली की तेच जंतू डोकं वर काढतात. म्हणून अशा आजारांना 'संधिसाधू संसर्ग' म्हणतात. हा शब्द आपण निवडणुकीच्या दिवसांत ऐकतो. अर्थ तोच, संधी दिसली की आत शिरायचं. राखण कमजोर होण्याची कारणं अनेक. उपासमारीने ती कमजोर होते, कॅन्सरच्या औषधांनी होते. बदललेली किडनी शरीराने परकी म्हणून नाकारू नये यासाठी जी औषधं घ्यावी लागतात, ती तर मुद्दामच तिला थोडी झोपवतात. आणि एचआयव्हीचा विषाणू राखणदार पेशींनाच मारतो.

आता गोष्ट सुरू करू ती तान्ह्या बाळांपासून. दुसऱ्या महायुद्धाच्या आगेमागे युरोपातल्या अनाथालयांत आणि बालगृहांत काही महिन्यांची बाळं एका विचित्र न्यूमोनियाने दगावत होती. दिवस भरण्याआधी जन्मलेली, पोटभर दूध न मिळालेली बाळं. त्यांचा श्वास वाढायचा, ओठ निळे पडायचे. १९५०च्या सुमारास त्या वेळच्या चेकोस्लोव्हाकियातल्या व्हानेक आणि यिरोव्हेत्स या शास्त्रज्ञांनी त्या फुप्फुसांत एक सूक्ष्म जीव दाखवून दिला. त्याचं नाव न्यूमोसिस्टिस. तो काही नवा नव्हता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीलाच तो प्राण्यांत दिसला होता. धडधाकट माणसाच्या फुप्फुसात तो गेला तरी त्याला पत्ताही लागत नाही. पुढे १९८८ मध्ये कळलं, की तो एक प्रकारची बुरशी आहे. म्हणजे जंतू जुना आणि तसा गरीब. त्याला बळ दिलं ते बाळांच्या भुकेने.

युद्धाचे दिवस सरले, दूध मिळू लागलं, तसा युरोपातल्या बाळांमधला हा आजार मागे पडला. पण औषधशास्त्र पुढे गेलं आणि राखण कमजोर असलेली नवी माणसं तयार झाली. रक्ताच्या कॅन्सरची मुलं औषधांनी जगू लागली, पण त्याच औषधांनी त्यांची प्रतिकारशक्ती खाली जायची, आणि कॅन्सर आटोक्यात असताना न्यूमोसिस्टिस त्यांना घेऊन जायचा. अमेरिकेत मेंफिस शहरातल्या सेंट ज्यूड या मुलांच्या इस्पितळात वॉल्टर ह्यूज नावाचे डॉक्टर होते. त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७७ मध्ये दाखवून दिलं, की को-ट्रायमॉक्साझोल नावाची साधी, स्वस्त गोळी आधीपासून चालू ठेवली तर हा न्यूमोनिया टाळता येतो. ही गोळी लक्षात ठेवा. आपल्या गोष्टीत ती पुन्हा येणार आहे.

न्यूमोनिया झालाच, तर पेंटामिडीन नावाचं दुसरं एक औषध होतं. ते इतकं क्वचित लागे, की अमेरिकेत ते दुकानात मिळत नसे. अटलांटा शहरातल्या सरकारी रोगनियंत्रण केंद्रात त्याचा साठा असे. कुठल्याही डॉक्टरला ते हवं असलं, तर तिथे फोन करून रुग्णाची माहिती द्यावी लागे. हे फोन घेणाऱ्या, नोंद ठेवणाऱ्या बाई होत्या सँड्रा फोर्ड. त्या डॉक्टर नव्हत्या, औषध तंत्रज्ञ होत्या. १९८१च्या सुरुवातीला त्यांना दिसलं, की तरुण पुरुषांसाठी या औषधाची मागणी येतेय. या रुग्णांना कॅन्सर नव्हता, त्यांची किडनी बदललेली नव्हती. मग यांची प्रतिकारशक्ती गेली कुठे? एप्रिलमध्ये त्यांनी वरिष्ठांना लेखी कळवलं. ५ जून १९८१ रोजी त्या केंद्राच्या साप्ताहिक पत्रिकेत एक छोटी नोंद छापून आली: लॉस एंजेलिसमधल्या पाच तरुणांना न्यूमोसिस्टिसचा न्यूमोनिया झाला आहे, त्यांतले दोघे वारले आहेत. ज्याला पुढे एड्स म्हटलं गेलं, त्या आजाराची ही पहिली छापील नोंद. विषाणूचा पत्ता लागायला १९८३ साल उजाडलं. पॅरिसच्या पाश्चर संस्थेत तो शोधणाऱ्यांमध्ये फ्रान्स्वाज बारे-सिनूसी या शास्त्रज्ञ बाई होत्या. मूळ आजार कळण्याआधी संधिसाधू आजार दिसला होता, आणि तो नजरेत भरला कारण कुणीतरी आपली रोजची वही मन लावून लिहीत होतं.

ते पाचही तरुण समलिंगी होते. झालं, लोकांनी ठरवून टाकलं, हा त्यांचाच रोग. आपल्याकडेही बरेच दिवस म्हटलं जायचं, की हा परदेशातला आजार, आपल्या संस्कृतीत तो यायचा नाही. चेन्नईच्या वैद्यकीय महाविद्यालयात सूक्ष्मजीवशास्त्र शिकवणाऱ्या डॉ. सुनीती सॉलोमन यांनी मात्र तपासून बघायचं ठरवलं. सुनीतीबाई माहेरच्या गायतोंडे. चेन्नईत स्थायिक झालेल्या मराठी घरातली ही लेक. त्यांनी हे काम आपली विद्यार्थिनी सेल्लप्पन निर्मला हिला दिलं. निर्मला तेव्हा ३२ वर्षांची होती. पोलिसांनी पकडून आणलेल्या, देहविक्री करणाऱ्या बायांना एका सरकारी गृहात ठेवत. तिथे जाऊन तिने रक्ताचे नमुने घेतले. पुरेशी साधनं नव्हती, नमुने तिने स्वतःच्या घरच्या फ्रीजमध्ये ठेवले. मग नवऱ्याला सोबत घेऊन रात्रीच्या गाडीने ते वेल्लोरला तपासायला नेले. १९८६च्या त्या तपासणीत सहा नमुन्यांत एचआयव्ही निघाला. मे महिन्यात तामिळनाडूच्या विधानसभेत ही बातमी जाहीर झाली.

या गोष्टीत दोन धीट बायांची नावं आहेत, आणि सहा बायांची नावं नाहीत. आपलं रक्त कशासाठी घेतलं जातंय हे त्या बायांना सांगितलेलं नव्हतं. देशाला सावध केलं ते त्यांच्या रक्ताने; त्यांच्या वाट्याला आली ती भीती आणि शंका. आज रुग्णाला विचारल्याशिवाय, समजावून सांगितल्याशिवाय एचआयव्हीची तपासणी करता येत नाही. तो नियम वाचताना या सहाजणी आठवाव्यात, असं आम्हाला वाटतं.

आता येऊ आपल्या शेजारच्या गोव्यात. साल १९८९. डॉमिनिक डिसूझा हा तरुण नेमाने रक्तदान करायचा. त्या रक्ताच्या तपासणीत एचआयव्ही निघाला. फेब्रुवारीत पोलीस त्याला घेऊन गेले आणि क्षयरोग्यांच्या एका जुन्या आरोग्यधामात त्याला एकट्याला पहाऱ्यात ठेवलं. ६४ दिवस. त्याने गुन्हा केला नव्हता. गोव्याच्या आरोग्य कायद्यातच तशी तरतूद केलेली होती. त्याची आई, लूसी डिसूझा, मुंबई उच्च न्यायालयात गेली. न्यायालयाने ते कलम रद्द केलं नाही. पण आपल्या देशात एचआयव्ही असलेल्या माणसाच्या हक्कांसाठी कोर्टाची पायरी चढणाऱ्या पहिल्या काही लोकांत एका आईचं नाव लागलं. डॉमिनिकने सुटल्यावर तोंड लपवलं नाही. १९९२ मध्ये त्याने 'पॉझिटिव्ह पीपल' ही संस्था उभी केली. त्याच वर्षी तो गेला.

आता जरा थांबून विचार करू. एचआयव्ही शेजारी बसल्याने, एका ताटात जेवल्याने, हात हातात घेतल्याने लागत नाही. म्हणजे डॉमिनिकपासून गावाला धोका नव्हता. पण ज्याची प्रतिकारशक्ती हळूहळू खाली जाणार, त्याला धोका नक्की होता, आणि तो होता तुमच्या-आमच्या खोकल्यातल्या क्षयाच्या जंतूपासून. जगभर एचआयव्ही असलेल्या माणसांचे सर्वांत जास्त जीव क्षयरोग घेतो. आपल्या देशात कितीतरी धडधाकट माणसांच्या फुप्फुसात तो जंतू निजलेला असतो. बहुतेकांना जन्मभर त्रास देत नाही. राखण गेलेल्या माणसात मात्र तो जागा होतो. हे लक्षात घेतलं, की त्या आरोग्यधामाचा पहारा कुणाला कुणापासून वाचवत होता, असा प्रश्न पडतो.

पुढची गोष्ट बरी आहे. १९९६च्या सुमारास तीन औषधं एकत्र देण्याचा उपचार आला आणि झोपलेली राखण पुन्हा उठू लागली. रक्तातल्या सीडी-४ नावाच्या राखणदार पेशी मोजल्या जातात. त्या २००च्या खाली गेल्या की न्यूमोसिस्टिससारखे आजार गाठतात. औषधांनी त्या पुन्हा वर चढू लागल्या. पण वर्षाचा खर्च १० हजार डॉलरच्या वर. २००१ मध्ये मुंबईच्या सिप्ला कंपनीने तीच तिहेरी औषधं वर्षाला ३५० डॉलरमध्ये द्यायची तयारी दाखवली, तेव्हा जगभरच्या किमती कोसळल्या. १ एप्रिल २००४ पासून आपल्या सरकारने आठ सरकारी इस्पितळांतून ही औषधं मोफत द्यायला सुरुवात केली. त्यांत मुंबईचं जे. जे. होतं. आणि औषधाचा गुण येईपर्यंत संधिसाधू आजार थोपवून धरण्यासाठी रुग्णाच्या हातात कोणती गोळी दिली जाते? तीच, मेंफिसच्या मुलांची को-ट्रायमॉक्साझोल. सुनीतीबाईंनीही १९९३ मध्ये वडिलांच्या नावाने चेन्नईत संस्था काढली आणि २०१५ मध्ये जाईपर्यंत या रुग्णांची सेवा केली. पुढे कायदाही आला. १० सप्टेंबर २०१८ पासून एचआयव्ही आहे म्हणून कुणाला नोकरीवरून, शाळेतून, घरातून काढणं हा कायद्याचा भंग आहे.

तरी सवय जात नाही. २०२१चा मे महिना आठवा. करोनातून उठलेल्या माणसांना म्युकरमायकोसिस होऊ लागला. आपल्या महाराष्ट्रात खूप जणांना झाला. ही बुरशी मातीत, कुजलेल्या पाल्यात एरवीही असते. वाढलेली साखर आणि करोनासाठी दिलेली स्टेरॉइड यांनी राखण कमजोर झाली, आणि तिला संधी मिळाली. डोळा गमावून घरी आलेल्या माणसापासूनही लोक दूर सरकले. खरं तर हा आजार माणसाकडून माणसाला लागतच नाही.

तर ताई, तुमच्या प्रश्नाचं उत्तर. शेजारणीच्या तोंडावरचा मास्क तुम्हाला वाचवण्यासाठी नाही, तिला वाचवण्यासाठी आहे. बदललेली किडनी कुणाला लागत नाही. तुम्ही जरूर जा. जाण्याआधी एवढंच बघा: आपल्याला सर्दी, खोकला, ताप आहे का? घरात कुणाला कांजिण्या, गोवर, क्षय आहे का? असेल तर आज फोनवर बोला, बऱ्या झाल्यावर जा. गेल्यावर साबणाने हात धुवा, मास्क लावा. खाऊ न्यायचा तर ताजा शिजवलेला न्या. कापून ठेवलेली फळं, उघड्यावरची चटणी, न उकळलेलं पाणी नको. तिला थोडा जरी ताप आला तरी घरी काढा देत बसू नका, त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा. अशा माणसाचा ताप उद्यावर टाकायचा नसतो. आणि रोजच्या गोळ्या "आता बरं वाटतंय" म्हणून तिने सोडू नयेत, यावर तुमचंही लक्ष असू द्या.

पुढच्या खेपेला भेटू तेव्हा ताई, ती कशी आहे ते आम्हाला सांगा. आणि ताट-तांब्या वेगळा ठेवायचाच असेल, तर तो का, हेही तिच्या घरच्यांना नीट समजावा. तिला विटाळ झालेला नाही, तिला जपायचं आहे.