हडपसरची लढाई व तद्विषयक इतिहासग्रंथ

हडपसरची लढाई : (२५ ऑक्टोबर १८०२). उत्तर पेशवाईतील शिंदे–होळकर यादवीची निर्णायक लढाई. पुण्याच्या पूर्वेस घोरपडी, वानवडी व हडपसर या गावांच्या दरम्यानच्या माळावर यशवंतराव होळकर याने दौलतराव शिंदे व दुसरा बाजीराव यांच्या संयुक्त फौजेचा पराभव केला. पेशवा पुणे सोडून कोकणात उतरला आणि ३१ डिसेंबर १८०२ रोजी त्याने इंग्रजांशी वसईचा तह केला. मराठी सत्तेचे स्वातंत्र्य या तहाने संपले, असे बहुतेक इतिहासकार मानतात. त्यामुळे या एका दिवसाच्या लढाईविषयी जे लिहिले गेले, त्यात रणवर्णनापेक्षा दोषनिश्चितीचा भाग मोठा आहे. राज्य कोणी घालविले, हा प्रश्न प्रत्येक ग्रंथकाराने आपापल्या परीने सोडविला असून ती उत्तरे परस्परांशी जुळत नाहीत.

यादवीची मुळे १७९५ मध्ये सवाई माधवरावाच्या मृत्यूनंतर निर्माण झालेल्या वारसाच्या तंट्यात आहेत. तुकोजी होळकर १७९७ मध्ये वारल्यावर त्याच्या चार मुलांत वाद लागला. दौलतरावाने काशीरावाची बाजू घेतली आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये पुण्यात मल्हारराव होळकर शिंद्यांच्या फौजेकडून मारला गेला. नाना फडणीस १८०० च्या मार्चमध्ये निवर्तला व आवर घालणारा कोणी उरला नाही. एप्रिल १८०१ मध्ये बाजीरावाने विठोजी होळकरास पुण्यात हत्तीच्या पायी देऊन ठार केले. त्याच वर्षी यशवंतरावाने उज्जैन येथे शिंद्यांच्या फौजेचा मोड केला, तर सर्जेराव घाटग्याने इंदूर लुटले. १८०२ मध्ये यशवंतराव दक्षिणेत उतरला. मल्हाररावाचा मुलगा खंडेराव याची शिंद्यांच्या कैदेतून सुटका व होळकरांच्या दौलतीची परतफेड, या त्याच्या मुख्य मागण्या होत्या. ऑक्टोबरच्या आरंभी बारामतीजवळ पेशव्याच्या सैन्याचा पराभव झाला आणि पुण्याची वाट मोकळी झाली.

शिंद्यांच्या बाजूने सदाशिवराव भास्कर बक्षी हा मुख्य होता व कवायती पलटणी कॅप्टन डॉज याच्याकडे होत्या. होळकरांकडेही हार्डिंग, व्हिकर्स इ. युरोपीय अधिकाऱ्यांच्या हाताखाली पायदळ होते. आरंभी होळकरांचे घोडदळ मागे रेटले गेले. तेव्हा यशवंतरावाने स्वतः पुढे होऊन निकराचा हल्ला चढविला व तोफखाना हस्तगत केला. डॉज व हार्डिंग दोघेही पडले. एकाच राज्याच्या दोन सरदारांच्या पलटणी परकीय अधिकाऱ्यांकरवी परस्परांशी लढत होत्या. ही बाब पुढील ग्रंथांत वारंवार आढळते. शिंद्यांच्या नोकरीत राहिलेल्या ल्यूइस फर्डिनंड स्मिथ याने १८०५ मध्ये कलकत्त्यास प्रसिद्ध केलेल्या छोट्या पुस्तकात, तसेच हर्बर्ट कॉम्प्टनच्या १८९२ च्या ग्रंथात या युरोपीय लष्करी नोकरांची हकीकत येते. दोन्ही ग्रंथ वाचनीय आहेत. तथापि त्यांत मराठे सरदार हे साहसी परदेशीयांच्या चरित्राची पार्श्वभूमी म्हणूनच वावरतात.

लढाईचा पहिला सुसंगत वृत्तांत जेम्स ग्रँट डफ याच्या मराठ्यांच्या इतिहासात (३ खंड, १८२६) सापडतो. साताऱ्याच्या दरबारातील इंग्रज अधिकारी या नात्याने त्याला कागदपत्रे व समकालीन माणसे दोन्ही उपलब्ध होती. त्याने नोंदविलेली एक गोष्ट विशेष महत्त्वाची आहे : लढाईच्या दिवशीच बाजीरावाने तैनाती फौज ठेवण्याचा व तिच्या खर्चासाठी मुलूख तोडून देण्याचा प्राथमिक करार पुण्याचा रेसिडेंट बॅरी क्लोज याच्या हाती दिला होता. म्हणजे वसईच्या तहाचे बीज पराभवात नसून पराभवाच्या भीतीत होते. हडपसरला शिंद्यांचा जय झाला असता, तरी पेशव्याने तो करार पाळला असता किंवा कसे, हा तर्काचा विषय आहे. पण यशवंतरावाने पेशव्यास इंग्रजांच्या घरात ढकलले, हा प्रचलित आरोप या नोंदीपुढे अर्धा लटका पडतो. डफच्या ग्रंथाचे कॅप्टन डेव्हिड केपनने केलेले मराठी भाषांतर महाराष्ट्रात बराच काळ वाचले गेले व त्याच्या मतांना शालेय पुस्तकांतही स्थान मिळाले. नीलकंठ जनार्दन कीर्तने यांनी १८६७–६८ च्या सुमारास डफवर जी टीका केली, तिने मराठी इतिहाससंशोधनास नवे वळण दिले.

सर जॉन माल्कम याचा मध्य हिंदुस्थानाविषयीचा ग्रंथ (१८२३) डफच्याही आधीचा आहे. १८०५ च्या अखेरीस झालेल्या राजपूरघाटच्या तहाच्या वाटाघाटी माल्कमनेच केल्या असल्याने यशवंतरावाचे त्याने काढलेले व्यक्तिचित्र प्रत्यक्ष परिचयाचे आहे. शौर्य, विनोदबुद्धी आणि क्रौर्य या तिन्हींची दखल त्यात आहे; परंतु ज्याच्याशी आपण लढलो, त्याला लुटारू ठरविण्याची गरज माल्कमला होती, हे विसरता येत नाही.

तहाचे स्थळ वसई हे त्यावेळी पेशव्यांच्याच ताब्यात होते. १७३९ मध्ये चिमाजी आप्पाने जिंकलेला हा किल्ला पहिल्या इंग्रज–मराठे युद्धात गेला व सालबाईच्या तहाने (१७८२) परत आला. ठाणे व साष्टी मात्र १७७४ पासून इंग्रजांकडेच राहिली. म्हणून सिंहगड, महाड व सुवर्णदुर्ग या मार्गाने समुद्रावर आलेला बाजीराव डिसेंबरच्या मध्यास इंग्रजी जहाजातून वसईस पोहोचला, तेव्हा खाडीच्या पलीकडे लगेच कंपनीचा मुलूख होता. दिवा जंक्शनहून भिवंडीमार्गे वसईकडे जाणारा लोहमार्ग आज याच खाडीपट्ट्यातून जातो. ठाणे जिल्ह्याचे मुंबई सरकारने प्रसिद्ध केलेले जुने गॅझेटियर (खंड १३ व १४, १८८२) या भूगोलासाठी अद्यापि उपयुक्त आहे. त्यावेळी ठाणे जिल्ह्यात असलेला वसई तालुका २०१४ पासून पालघर जिल्ह्यात मोडतो.

तहाप्रमाणे पेशव्याने सहा पलटणींची तैनाती फौज कायम ठेवावी, तिच्या खर्चासाठी वार्षिक २६ लाखांच्या उत्पन्नाचा मुलूख द्यावा, सुरतेवरील हक्क सोडावा, निजाम व गायकवाड यांच्याशी असलेले तंटे कंपनीच्या निवाड्यावर सोपवावेत आणि इंग्रजांशी विचार केल्याशिवाय अन्य सत्तांशी व्यवहार करू नये, असे ठरले. या तहाचा इंग्रजांतही एकमुखाने गौरव झाला नाही. नियामक मंडळाचा अध्यक्ष लॉर्ड कॅसलरे याने १८०४ मध्ये त्याच्या शहाणपणाविषयी शंका घेतली. सत्ता नसलेल्या पेशव्याशी केलेला करार शिंदे, होळकर व भोसले यांच्याशी अखंड युद्धे ओढवील, असा त्याचा आशय होता. त्याला आर्थर वेलस्लीने सविस्तर उत्तर दिले, जरी बाजीरावाच्या सामर्थ्याविषयी त्याचे स्वतःचे मत फारसे चांगले नव्हते. ही सर्व चर्चा मार्टिनने छापलेल्या गव्हर्नर जनरल वेलस्लीच्या पत्रसंग्रहात व पुढे ओवेनच्या निवडक वेच्यांत वाचावयास मिळते. साम्राज्यविस्ताराचे समर्थन करणाऱ्यांना विजयी पक्षातील हा मतभेद गैरसोयीचा वाटला असावा. पाठ्यपुस्तकांत तो क्वचितच येतो.

मराठी साधने दीर्घकाळ विखुरलेली होती. वासुदेवशास्त्री खरे यांनी मिरजेच्या पटवर्धन दप्तरातून सुरू केलेला ऐतिहासिक लेखसंग्रह, य. न. केळकर यांनी संपादिलेली होळकरांची कैफियत आणि वा. वा. ठाकूर यांनी इंदूरहून प्रसिद्ध केलेली होळकरशाहीच्या इतिहासाची साधने यांमुळे होळकरांची बाजू प्रथमच कागदांतून बोलू लागली. फार्सीत मोहनसिंगाचा होळकरविषयक वृत्तांत आहे. त्याचे भाषांतर यदुनाथ सरकार यांनी केले. इंग्रजी बाजूने १९३६ पासून निघालेल्या पुणे रेसिडेन्सी पत्रव्यवहाराच्या मालेतील सातवा खंड (संपादक गो. स. सरदेसाई) क्लोजच्या वकिलातीचा व दहावा खंड (संपादक रघुवीर सिंह) वसईचा तह आणि दक्षिणेतील युद्ध यांचा आहे. हडपसरचा अभ्यास करणाऱ्याने सर्वांत आधी हे दोन खंड हाती घ्यावेत. लढाईनंतरच्या आठवड्यांत यशवंतराव रेसिडेंटला पुण्यात ठेवून घेण्यासाठी कसा झटत होता, पेशव्याने परत यावे म्हणून त्याने निरोप कसे धाडले आणि ते निष्फळ ठरल्यावर अमृतरावास बोलावून त्याचा मुलगा विनायकराव यास पेशवेपदी बसविण्याचा घाट कसा घातला गेला, हे त्यांतून दिवसवार उलगडते. रेसिडेंट नोव्हेंबरअखेर पुणे सोडून गेला व तडजोडीची दारे बंद झाली.

या कागदांवर उभे राहिलेले ग्रंथ अधिक समतोल आहेत. न. चिं. केळकर यांनी मराठे व इंग्रज (१९१८) या पुस्तकात एकोप्याचा व शिस्तीचा अभाव हेच ऱ्हासाचे कारण मानले. प्रतुलचंद्र गुप्त यांनी दुसरा बाजीराव व कंपनी यांवरील प्रबंधात (१९३९) पेशव्याचे धोरण इंग्रजी दप्तरांच्या आधारे तपासले. सरदेसायांनी मराठी रियासत व तिच्यानंतरच्या इंग्रजी इतिहासाच्या तिसऱ्या खंडात (१९४८) मुख्य ठपका बाजीरावावर ठेवला. यशवंतरावाचे गुण त्यांना मान्य आहेत, पण त्याची नासधूस ते झाकीत नाहीत. रँडॉल्फ कूपर याने २००३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात १८०३ चे युद्ध केवळ यादवीच्या चष्म्यातून न पाहता लष्करी अर्थव्यवस्थेच्या दृष्टीने पाहिले आणि मराठ्यांचा तोफखाना व पायदळ हिणकस नव्हते, हे दाखविले. असईच्या (२३ सप्टेंबर १८०३) रणांगणावरील इंग्रजांची हानी त्यास साक्ष आहे. होळकर त्या युद्धात अलिप्त राहिला व १८०४ मध्ये एकटा लढला. हडपसरची खरी किंमत येथे मोजावी लागते, कारण या लढाईने निर्माण केलेला अविश्वास दोन्ही घराण्यांना एका छावणीत येऊ देईना.

ललित वाङ्मयात ना. सं. इनामदार यांच्या झुंज (यशवंतराव) व मंत्रावेगळा (दुसरा बाजीराव) या कादंबऱ्यांनी दोन्ही बदनाम पुरुषांना सहानुभूतीने उभे केले. सामान्य वाचकाच्या मनातील चित्र इतिहासग्रंथांपेक्षा या कादंबऱ्यांनी अधिक बदलले. त्यांना पुरावा म्हणून वापरण्याचा मोह मात्र टाळावयास हवा.

रयतेविषयी ही ग्रंथसंपदा कंजूष आहे. यशवंतरावाने आरंभी पुणे शहरास लुटीपासून वाचविले, पुढे सावकार व गृहस्थांकडून सक्तीने पैसा उकळला, एवढे बहुतेकजण सांगतात. दख्खनच्या खेड्यांतून फौजा व पेंढारी फिरल्याने उभी पिके गेली आणि पाऊसही अपुरा पडला. १८०३–०४ च्या त्या दुष्काळाची माहिती इतिहासग्रंथांपेक्षा अहमदनगर (१८८४) व पुणे (१८८५) जिल्ह्यांच्या गॅझेटियरांतील दुष्काळांच्या प्रकरणांतच शोधावी लागते.